टीनामधलं अर्धवट कोडं

श्रोतेहो, नमस्कार. नेदरलँड्समधल्या शाळकरी मुलींचं एक साप्ताहिक आहे, टीना. 1967 साली सुरू झालं. चित्रकथा, कोडी, मधल्या पानावर पोस्टर. पुढे 1977 मध्ये पॉप संगीताचं हिटक्रांट आलं आणि त्यातले फोटो मुलामुलींच्या शाळेच्या डायऱ्यांत जाऊन बसले. गृहपाठ कोपऱ्यात, बाकी पानभर लाडके गायक!

पण मला सांगायचंय ते एका कोड्याबद्दल. 2012 साली मी लायडनला एका कुटुंबाकडे वरच्या खोलीत भाड्याने राहत होते. त्यांची लेक बारा वर्षांची. टीनाचा अंक टपालाने यायचा, तिच्या नावाने. पुन्हा सांगते, तिच्या नावाने. दारातल्या झडपेतून तो पायपुसण्यावर पडायचा आणि ती सायकलवरून भिजत घरी येईपर्यंत तिथेच असायचा. दुसरं कुणी हात लावत नसे.

एका दुपारी लेकीच्या आईने माळ्यावरून खोकं उतरवलं. तिचे स्वतःचे टीना, 1983 चे. पिना गंजलेल्या, पोस्टरं गायब. आपल्याकडे मुलांची मासिकं रद्दीवाल्याच्या तराजूत जातात. मला हे अजिबात पटत नाही. वर्तमानपत्रं खुशाल द्या, मुलांचे अंक ठेवा. तर, त्या खोक्यात नोर्त्ये होती, 1975 ते 2016 टीनाच्या चित्रकथेत असलेली धांदरट मुलगी. लेकीच्या तेव्हाच्या ताज्या अंकातही तीच, तेवढ्याच वयाची!

आणि एका पानावर शब्दकोडं. पेन्सिलीने अर्धंच सोडवलेलं, आईच्या बाराव्या वर्षीच्या गोल अक्षरात. लेक ते पुरं करायला बसली. एकच अडलं. लोकप्रिय बँड, सात चौकोन.

आई पाठमोरी चहा ओतत होती. वळलीसुद्धा नाही. ‘डू मार!’ डच स्पेलिंगात बरोबर सात अक्षरं.

मग किटली खाली ठेवून सांगतच सुटली. गुलाबी आणि हिरवा हे त्या बँडचे रंग. वर्गातल्या मुली एका पायात गुलाबी, दुसऱ्यात हिरवा मोजा घालून यायच्या. 1984 मध्ये बँड थांबला, त्या दिवशी ही खोलीचं दार लावून रडली होती. आजीने हाका मारल्या तरी उघडलं नाही.

‘तू? दार लावून?’ लेक बघतच राहिली. आईचं हे तिने कधी ऐकलंच नव्हतं.

तिने सात चौकोन भरले. आईची अक्षरं फिकट, हिची काळीभोर. तो अंक काही पुन्हा खोक्यात गेला नाही. लेकीने तो स्वतःच्या अंकांमध्ये लावला.