पाहुण्यांनो, आता उठा

नमस्कार श्रोतेहो.

आपल्याकडे पाहुणे निघायला लागले की खऱ्या गप्पा सुरू होतात, हा अनुभव तुम्हालाही असेल. 'चला, येतो आम्ही' म्हणून माणूस उठतो, चपला घालतो आणि दारात उभा राहतो. दोन तास सोफ्यावर बसून जे आठवलं नाही ते सगळं त्याला उंबरठ्यावर आठवतं. मावशीचं ऑपरेशन, कोकणातल्या जमिनीचा दावा, मुलाचं जमता जमता मोडलेलं लग्न. आमच्या हिने एकदा घड्याळ लावून पाहिलं होतं. 'येतो' म्हटल्यापासून लिफ्टचं दार बंद होईपर्यंत पंचवीस मिनिटं! उभ्याने. बरं, परत आत येऊन बसा म्हणावं तर 'नको नको, उशीर झालाय'.

तर अशा पाहुण्यांना उठवण्यासाठी एका माणसाने गाणं लिहिलं. पुन्हा सांगतो, पाहुण्यांना घरी पाठवण्यासाठी लिहिलेलं गाणं. पुढे ते जगभर गाजलं, त्याला ऑस्कर मिळालं आणि त्याच गाण्यावरून त्या माणसाच्या घरात भांडण झालं. गाण्याचं नाव 'बेबी, इट्स कोल्ड आउटसाइड'. म्हणजे, अगं, बाहेर थंडी आहे. लिहिणारा फ्रँक लेसर.

हे नाव तुमच्यातल्या किती जणांनी ऐकलंय? फार हात वर येणार नाहीत. गाणं मात्र डिसेंबरात एखाद्या मॉलमध्ये, एखाद्या कॅफेत तुमच्या कानावरून नक्की गेलंय. ही माझी जुनी तक्रार आहे. आमच्या रेडिओवर गीत, संगीत आणि स्वर अशी तीन नावं सांगायची शिस्त होती. उद्घोषकाचं एक नाव जरी राहिलं तरी श्रोत्यांची पोस्टकार्डं यायची. आता मोबाइलवर गाणं लावलं की गायकाचा फोटो दिसतो आणि ज्याने शब्द लिहिले तो बिचारा कुठेच नसतो. असो. पोस्टकार्डंही गेली.

तर हा फ्रँक लेसर. जन्म २९ जून १९१०, न्यूयॉर्क. घर मूळचं जर्मनीकडचं, ज्यू. वडील पियानोचे शिक्षक. थोरला सावत्र भाऊ आर्थर तर मैफलीत वाजवणारा नावाजलेला पियानोवादक. अशा घरात हा धाकटा, आणि त्याला ओढ चालू, बाजारी गाण्यांची! वडिलांना असली गाणी खपत नसत, त्यामुळे घरात पियानो असूनही याचं रीतसर शिक्षण झालंच नाही. जे आलं ते कानाने. कॉलेजात घातला, तर वर्षभरात काढून टाकला. इंग्रजी आणि व्यायाम सोडून सगळ्या विषयांत नापास. म्हणजे पुढे जी भाषा लागणार होती तेवढीच पास, आणि व्यायाम.

वडील १९२६ साली गेले. मग याने नाना धंदे केले. कोर्टाची समन्सं पोचवली, वर्तमानपत्रासाठी छोट्या जाहिराती गोळा केल्या, कपडे व्यापाराच्या एका पत्रात विणलेल्या मालाच्या बातम्या पाहिल्या. आणि मधल्या वेळात गाणी लिहिली. त्याच दिवसांत न्यूयॉर्कच्या एका छोट्या क्लबात गाताना त्याला लिन गार्लंड भेटली. ती गायिका. १९३६ साली दोघांचं लग्न झालं. नाव लक्षात ठेवा, लिन. पुढची सगळी गोष्ट तिचीच आहे.

मग हॉलिवूड. तिथे तो दुसऱ्यांच्या चालींवर शब्द लिहायचा. १९३८ साली त्याने होगी कारमायकेलच्या चालीवर एक युगुलगीत लिहिलं, 'टू स्लीपी पीपल'. दोघांनाही झोप अनावर झालीय, पण निरोप घेववत नाही म्हणून बसून आहेत, असं ते गाणं. म्हणजे वेळेवर न उठणारी माणसं हा गड्याचा जुना विषय! दुसऱ्या महायुद्धात लिहिलेल्या एका गाण्याला त्याने स्वतःच चाल लावली आणि ते तुफान चाललं. तेव्हापासून शब्दही त्याचे आणि चालही त्याचीच.

आता मी मुद्द्यावर येतो. खरं तर आजचं हे सगळं भाषण मी या एका गोष्टीसाठीच मागून घेतलंय.

साल १९४४. न्यूयॉर्क. युद्ध चालूच आहे. फ्रँक आणि लिन यांनी सेंट्रल पार्कच्या दक्षिणेला नॅव्हारो नावाच्या हॉटेलात बिऱ्हाड केलं. तिकडे अशी हॉटेलं असतात, जिथे लोक घर केल्यासारखे राहतात. नवं घर म्हटल्यावर मित्रमंडळींना बोलावणं आलंच. आपण वास्तुशांत करतो, जिलबी-मठ्ठा ठेवतो आणि जाताना प्रत्येकाच्या हातात स्टीलचा डबा देतो. (तो डबा कुणाकडे वापरात पाहिलाय का हो तुम्ही? तो पुढच्या वास्तुशांतीला पुढे सरकतो.) तर तशीच ही त्यांची नव्या घराची पार्टी. मंडळी कोण, तर गाणारी, लिहिणारी, नाटक-सिनेमातली. आणि या मंडळींची तेव्हा एक पद्धत होती. कुणाच्याही घरी जमलं की प्रत्येकाने काहीतरी सादर करायचं. नुसतं खाऊन-पिऊन जाणारा पाहुणा चालायचा नाही. मग यजमानांनी काय करायचं?

फ्रँकने युगुलगीत लिहिलं. स्वतःसाठी आणि बायकोसाठी. गाण्यातला प्रसंग साधा. रात्र झालीय. ती त्याच्या घरी आलीय आणि आता निघतेय. आई काळजी करील, वडील येरझारा घालत असतील, शेजारी काय म्हणतील, आणि एक मावशी तर अशी आहे की विचारू नका. तिचं हे चालू असताना तो प्रत्येक वाक्याच्या शेपटावर पाय ठेवतो. अगं, बाहेर थंडी आहे. टॅक्सी मिळायची नाही. गुडघाभर बर्फ पडलंय. ती म्हणते, बरं, अर्धाच पेला घेते. इथेच ती फसते! तुमचा दारातला पाहुणा जसा 'पाणी तेवढं द्या' म्हणतो आणि पुन्हा आत येतो, तसंच.

रात्र सरत आली, पाहुण्यांची उठायची वेळ झाली, आणि हे नवरा-बायको पियानोपाशी जाऊन गायले. गाणं कशाबद्दल, तर निघायला हवं, निघायला हवं, आणि न निघण्याबद्दल. तुम्हीच ओळखा, मंडळींनो, काय ते!

झालं भलतंच. पाहुणे उठलेच नाहीत. खोलीत नुसता कल्लोळ झाला. पुन्हा म्हणा, पुन्हा म्हणा. लिननेच पुढे सांगितलंय की त्या रात्री त्यांना ते गाणं पुन्हा पुन्हा म्हणावं लागलं. घरी पाठवण्यासाठी लिहिलेल्या गाण्याने माणसं बसवून ठेवली.

तिथून या जोडप्याचे दिवस पालटले. न्यूयॉर्क असो की हॉलिवूड, चांगल्या चांगल्या घरची आमंत्रणं यायला लागली. अट एकच, शेवटी ते गाणं म्हणायचं. लिन म्हणायची, ते गाणं म्हणजे भारी भारी खाण्यापिण्याचं आमचं तिकीट होतं. आणि हे लक्षात घ्या, चार वर्षं हे गाणं बाजारात नव्हतं. दुसरं कुणी ते गात नव्हतं. ते ऐकायचं तर या दोघांनाच घरी बोलवायला लागायचं. फ्रँक गाजलेला गीतकार होताच, पण या एका गाण्यात लिनची जागा त्याच्या बरोबरीची होती. तिच्या आवाजाशिवाय ते गाणं उभंच राहत नव्हतं.

आणि १९४८ साली फ्रँकने ते गाणं विकलं. एमजीएम या सिनेमा कंपनीला. 'नेपच्यून्स डॉटर' नावाच्या चित्रपटासाठी.

लिन संतापली. संतापली हा शब्दही सौम्य आहे. मुलगी सुझनने वडिलांचं चरित्र लिहिलंय, त्यात आईचं म्हणणं आलंय. नवऱ्याला दुसऱ्या बाईबरोबर पकडावं तसा विश्वासघात झाल्यासारखं तिला वाटलं. 'ते आपलं गाणं होतं', हे तिचं म्हणणं. फ्रँकचं म्हणणं वेगळं. हे गाणं मी असंच कवटाळून बसलो तर मला वाटायला लागेल की याच्याइतकं चांगलं दुसरं मला लिहिताच येणार नाही. मला ते सोडायलाच हवं.

मी ही गोष्ट इतक्यांदा सांगितलीय की आमच्याकडे कुणी गाण्याचा विषय काढला की ही स्वयंपाकघरात जाते. पण दर वेळी मी बाजू बदलतो. लिहिणाऱ्याचं म्हणणं मला समजतं. लिहिलेलं सुटल्याशिवाय पुढचं सुचत नाही. पण घरातली रोजची पितळी समई नवऱ्याने न विचारता विकून टाकली, तर चांगली किंमत आली हे उत्तर होतं का? आज मी लिनच्या बाजूचा आहे. पुढच्या वेळी माहीत नाही.

लिनबद्दल आणखी एक. इंग्रजीत एक वाक्प्रचार आहे, 'लेसर ऑफ टू ईव्हिल्स', म्हणजे आपलं दगडापेक्षा वीट मऊ. त्यातला लेसर आणि आडनाव लेसर, उच्चार एकच. लिन भलतीच तिखट, तेव्हा लोकांनी तो वाक्प्रचार उलटा केला आणि तिला 'ईव्हिल ऑफ द टू लेसर्स' म्हणायला लागले, दोन लेसरांतली दुष्ट ती ही! विनोद फक्कड आहे. नवरा आपलं गाणं परस्पर विकतो, आणि दुष्ट कोण, तर ही. दोघांचा घटस्फोट १९५७ साली झाला. तो या गाण्यामुळे झाला असं मी म्हणणार नाही, संसार एवढ्यावर मोडत नाहीत.

चित्रपट १९४९ साली आला. त्यात गाणं दोनदा आहे. एकदा रिकार्डो मोंतालबान आणि एस्थर विल्यम्स, तिथे तो तिला थांबवतो. आणि दुसऱ्यांदा बेटी गॅरेट आणि रेड स्केल्टन, तिथे बाई थांबवते आणि पुरुष कोट घालून पळायला बघतो. हे दुसरं लक्षात ठेवा, मी पुन्हा त्याच्याकडे येणार आहे. मार्च १९५० मध्ये या गाण्याला ऑस्कर मिळालं. त्याच वर्षी नोव्हेंबरात लेसरचं 'गाइज अँड डॉल्स' हे संगीत नाटक ब्रॉडवेवर आलं आणि त्याचे बाराशे प्रयोग झाले. आपल्या संगीत नाटकवाल्यांनी ऐकावं असं ते आहे. १९६२ साली 'हाउ टू सक्सीड' या दुसऱ्या नाटकासाठी त्याला पुलित्झर मिळालं. म्हणजे दुसरं चांगलं सुचणार नाही ही भीती खोटीच ठरली. २८ जुलै १९६९ रोजी तो गेला, फुप्फुसाच्या कर्करोगाने. सिगारेट ओढणारा माणूस. वय एकोणसाठ.

गाण्याची रचना थोडक्यात सांगतो. आपल्या युगुलगीतात बहुतेक वेळा एक कडवं त्याचं, एक तिचं आणि ध्रुवपद दोघांचं. इथे तसं नाही. तिचं वाक्य संपायच्या आत त्याचं सुरू. छापील स्वरलिपीत दोन आवाजांना 'तो' आणि 'ती' अशी नावंही नाहीत. एक लांडगा आणि एक उंदीर! आणि गायची लय कशी ठेवावी, तर तिथे लिहिलंय 'लेसरांडो', स्वतःच्या आडनावावरून केलेला शब्द. आणि हो, अख्ख्या गाण्यात नाताळचा उल्लेख एकदाही नाही. थंडी आहे तेवढीच.

या गाण्यावर रागावणारेही कमी नाहीत. १९४९ च्या सुमारास कॉलोराडोतल्या ग्रीली गावी शिकायला आलेला इजिप्तचा लेखक सय्यद कुत्ब एका चर्चमधल्या नाचाला गेला. तिथे पाद्रीबुवांनी दिवे मंद करून हीच तबकडी लावली. त्याला त्यातला सैलपणा इतका खटकला की अमेरिकेवर लिहिताना त्याने हा प्रसंग नोंदवला. पुढे हाच माणूस कडव्या इस्लामी राजकारणाचा मोठा विचारवंत झाला. आणि २०१८ साली क्लीव्हलँडच्या एका रेडिओ केंद्राने हे गाणं लावणं बंद केलं. कारण उलटं, ती नको म्हणतेय आणि तो ऐकत नाही. गंमत पाहा, थोरला भाऊ आर्थर याच क्लीव्हलँडात पियानो शिकवायचा. वडिलांना न आवडणारी गाणी शेवटी भावाच्या गावीच बंद पडली.

माझं मत विचाराल तर, एका ओळीत ती स्पष्ट नाही म्हणते, आणि आज ती ओळ कानाला टोचते. टोचायलाच हवी. पण बाकी तिच्या सगळ्या अडचणी लोकांच्या आहेत. आई, मावशी, शेजारी. तिला स्वतःला घरी जायचंय असं ती क्वचितच म्हणते. आणि मघाशी लक्षात ठेवायला सांगितलेली ती दुसरी आवृत्ती, बेटी गॅरेटची, तिच्याबद्दल या भांडणात कुणी बोलतच नाही.

माझी वेळ होत आली, समोरच्या काचेमागून खुणा चालू झाल्यात. आता गाणं ऐकू या. १९४९ साली अनेक जोड्यांनी ते गायलं, मी निवडलीय एला फिट्झजेरल्ड आणि लुई जॉर्डन यांची तबकडी. गीत आणि संगीत फ्रँक लेसर. ऐकताना एवढंच करा, त्याच्याकडे लक्ष देऊ नका, तो एकच गोष्ट सांगतो. तिच्याकडे द्या. ती किती सबबी मोजते ते मोजा. संपूर्ण गाणं दोघं एकमेकांच्या वाक्यात घुसत राहतात, आणि अगदी शेवटची ओळ तेवढी एकत्र म्हणतात.

नमस्कार. येतो मी. खरंच येतो.