माणिकबाग : महाराजांच्या टेबलापासून टॅक्सच्या फायलींपर्यंत

इंदुरात रिक्षावाल्याला माणिकबाग म्हटलं की तो विचारतो, पुलाच्या अलीकडे का पलीकडे? रोड माणिकबाग, पूल माणिकबाग, आजूबाजूच्या घरांचे पत्तेही माणिकबाग, पण हे नाव ज्याच्यामुळे पडलं तो महाल कुठंय असं विचारलं तर बरेच जण सरळ लालबाग पॅलेसकडे बोट दाखवतात.

मी स्वतः आत गेलो तेव्हा मलाही माहीत नव्हतं. एका सीएच्या ऑफिसात आर्टिकलशिप करत होतो, सरांनी फाईल दिली आणि म्हणाले जा एक्साइजच्या ऑफिसात देऊन ये. गेलो, तासभर बाकावर बसलो, पोचपावती घेतली, घरी आलो. जेवताना आजीला सांगितलं कुठे गेलो होतो ते, तर तिने हातातला घास तसाच ठेवला आणि म्हणाली, अरे, महाराजांच्या घरी जाऊन आलास की तू!

तर हे महाराजांचं घर. हे महाराज म्हणजे यशवंतराव होळकर दुसरे, ज्यांच्या नावाचं हॉस्पिटल आहे, आपलं एमवाय, तेच. 1926 मध्ये वडील तुकोजीराव तिसरे गादीवरून उतरले तेव्हा यशवंतराव फक्त 17 वर्षांचे होते, राज्याचे पूर्ण अधिकार त्यांच्या हातात आले ते 1930 मध्ये. महाराणी संयोगिताराजे कागलच्या घाटग्यांच्या, म्हणजे सासर-माहेर दोन्ही अस्सल मराठी सरदारी घराणी. आणि मराठी राजाचा वाडा म्हटला की आपल्या डोळ्यासमोर काय येतं? चौक, दिवाणखाना, हंड्या-झुंबरं, गाद्या-लोड, भिंतीवर वाघाचं मुंडकं. होळकरांकडे ते सगळं होतंच, राजवाडा होता सात मजली, खालचे तीन दगडाचे आणि वरचे चार लाकडाचे, लालबाग होता, 1886 ला सुरू होऊन 1921 पर्यंत बांधत होते तो, त्याचं गेट लंडनच्या बकिंगहॅम पॅलेसच्या गेटसारखं आहे.

पण या जोडप्याला दुसऱ्याच प्रकारचं घर हवं होतं.

यशवंतराव ऑक्सफर्डला शिकत होते तेव्हा त्यांची ओळख झाली एकार्ट मुथेसियस नावाच्या जर्मन मुलाशी, बर्लिनचा, वडील नावाजलेले आर्किटेक्ट, हा महाराजांपेक्षा जेमतेम चार वर्षांनी मोठा. त्यालाच त्यांनी माणिकबागेचं काम दिलं, आणि विचार करा, पंचविशीतला पोरगा आणि इंदूरच्या महाराजांचं अख्खं घर! 1930 ते 33 च्या दरम्यान हे काम झालं. बरंचसं सामान जर्मनीत तयार करून बोटीने इकडे आणलं. भिंती साध्या, नक्षी नाही, कमानी नाहीत, सरळ रेघा, काच आणि धातू, आणि आत एअर कंडिशनिंग, म्हणजे ज्या काळात लोक खिडकीला वाळ्याचे पडदे लावून त्यावर पाणी मारायचे तेव्हा.

आता जरा जवळून बघू. लायब्ररीतल्या खुर्च्या घ्या. लालभडक, मोठ्या, आरामात बसायच्या, आणि वाचायचा दिवा खुर्चीतच बसवलेला! म्हणजे वेगळा लँप नको, शेजारी टेबल नको, बसा, दिवा लावा, पुस्तक उघडा. ही खुर्ची मुथेसियसने स्वतः डिझाइन केली होती. आयलीन ग्रे यांची एक खुर्ची होती, बोटीच्या डेकवर असते ना तशी पाठ टेकून पाय लांब करायची. महाराजांच्या कामाच्या खोलीत रुल्मान या फ्रेंच कारागिराने बनवलेलं टेबल होतं, झोपायच्या खोल्यांतले पलंग सोन्यो आणि अलिक्स या जोडीचे, खाली गालिचे दा सिल्वा ब्रून्स यांचे. ही सगळी त्या काळातली युरोपातली एकदम पुढची मंडळी, आणि मला यात सगळ्यात भावतं ते हे की या वस्तू दाखवायला म्हणून जमवलेल्या नव्हत्या, त्या त्या खोलीसाठीच आणल्या होत्या, खोली आणि खुर्ची मिळून एकच वस्तू होती.

आणि मग पक्षी. ब्रांकुशी हे फार मोठे शिल्पकार, त्यांचा 'अवकाशातला पक्षी' महाराजांनी एक नाही, तीन घेतले, एक ब्राँझचा, एक काळ्या संगमरवराचा, एक पांढऱ्या. ना पंख, ना चोच, नुसती वर झेपावणारी गुळगुळीत उभी रेघ. या तिघांसाठी इंदुरात ध्यानाचं एक छोटं मंदिर बांधायचं ठरलं होतं. पण 1937 मध्ये संयोगिताराजे गेल्या, युरोपात, विशीतच होत्या. त्याच वर्षाच्या शेवटी ब्रांकुशी पॅरिसहून इंदूरला आले सुद्धा, पण मंदिर काही झालं नाही. दोन संगमरवरी पक्षी आज ऑस्ट्रेलियात कॅनबेराला आहेत, ब्राँझचा अमेरिकेत. इंदुरात ते मंदिर उभं राहिलं असतं तर, हा विचार माझ्या डोक्यातून जातच नाही.

पुढचं थोडक्यात सांगतो. 1948 ला संस्थान मध्य भारत या नव्या राज्यात विलीन झालं, 1961 मध्ये महाराज मुंबईत वारले, 1971 ला राजघराण्यांना सरकारकडून मिळणारे तनखे बंद झाले, आणि सत्तरच्या दशकात माणिकबाग सरकारकडे गेली. सामान वेगळं निघालं. 1980 मध्ये मोनाकोत लिलाव झाला आणि खुर्च्या, पलंग, दिवे जगभर पांगले. 2019 ला पॅरिसमध्ये या महाराजांवर मोठं प्रदर्शन भरलं, तिकडचे लोक तिकीट काढून आपल्या माणिकबागेचे फोटो बघत होते.

आणि इकडे घरात सेंट्रल एक्साइजचं ऑफिस आलं. लोक याला दुर्दैव म्हणतात, मी तसं नाही म्हणणार. इंदूरमध्ये राजवाडा 1984 च्या दंगलीत जळाला, मागचा भाग पुन्हा बांधायला वीसेक वर्षं गेली. माणिकबागेत रोज माणसं येत राहिली, दिवे लागत राहिले, म्हणून भिंती तरी उभ्या राहिल्या. पण हेही खरंय की खोली इथे आणि खुर्ची सातासमुद्रापार, यात दोघींचंही अर्धंच उरलं.

कामाचं ऑफिस आहे, म्हणून आपण गेटबाहेरूनच शूट करतोय. माझ्याकडे जुन्या फोटोंचे प्रिंट आहेत, एकेक खिडकी ताडून बघतोय, त्या दिवशी फाईल मांडीवर घेऊन मी नेमका कुठे बसलो होतो ते शोधतोय, लायब्ररीत का महाराजांच्या टेबलाच्या जागी. आजी आता नाही, नाहीतर तिला विचारलं असतं. तुमच्या घरात कुणी माणिकबागेत कामाला होतं का, माळी, ड्रायव्हर, मुदपाकखान्यात, कुणीही, तर त्यांच्याकडून एवढं विचारून ठेवा की आत शिरलं की पहिल्यांदा काय दिसायचं.