आल्फ्रेड जोन्स यांचं कुंपण

विषय हेज फंडाचा आहे, पण अमेरिकेला जाण्याआधी मी तुम्हाला काटोलला घेऊन जातो.

माझ्या मामांची तिथे संत्र्याची बाग होती. आंबिया बहाराची फळं हिरवी असतानाच, ऑगस्टमध्ये, व्यापारी यायचा. ओळींतून चालत जायचा, एखादी फांदी हलवून बघायचा, मग बोलणं व्हायचं आणि तो इसार देऊन जायचा. पुढे तोडणी त्याची, भाव त्याचा आणि फळगळ झाली तर तीही त्याची. एका वर्षी दिवाळीत भाव कडाडला. मामी हळहळली, "थांबलो असतो तर दुप्पट आले असते." मामा म्हणाले, "आले असते. पण गळ झाली असती तर पोरीचं लग्न कशावर केलं असतं?"

हेज म्हणजे कुंपण. मामांनी हा शब्द कधी ऐकला नव्हता. उद्याचा भाव आपल्याला कळत नाही, एवढं मात्र त्यांनी मनापासून मान्य केलं होतं.

पहिला हेज फंड काढणारे आल्फ्रेड विन्स्लो जोन्स त्याच जातीचे. जन्म १९०० चा, मेलबर्नचा. हार्वर्डला शिकले, बर्लिनच्या अमेरिकी वकिलातीत नोकरी केली, मग समाजशास्त्राकडे वळले. अॅक्रन हे रबराच्या कारखान्यांचं गाव. तिथल्या लोकांना मालमत्तेच्या हक्कांबद्दल काय वाटतं, याचा त्यांनी अभ्यास केला आणि १९४१ मध्ये कोलंबिया विद्यापीठाची डॉक्टरेट घेतली. शेअर बाजार त्यांच्या वाट्याला आला तो 'फॉर्च्यून' मासिकात लिहिताना. १९४९ मध्ये त्यांनी बाजाराचं भाकीत करणाऱ्यांवर लेख लिहिला आणि त्याच वर्षी चार मित्रांबरोबर भागीदारी सुरू केली. भांडवल एक लाख डॉलर, त्यातले चाळीस हजार स्वतःचे. हे चाळीस हजार लक्षात ठेवा.

त्यांची रीत अशी. चांगले वाटणारे शेअर घ्यायचे, ते सगळेच घेतात. पण जे उगाच फुगलेत असं वाटतं, ते उसने घेऊन आज विकायचे आणि पडले की स्वस्तात घेऊन परत करायचे. यालाच आपण शॉर्ट करणं म्हणतो. समजा १०० रुपयांची खरेदी आहे आणि ६० रुपयांचं शॉर्ट. बाजार पडला. आपले चांगले शेअर ७ टक्के उतरले, फुगलेले १५ टक्के. खरेदीत सात रुपये गेले, शॉर्टमध्ये नऊ आले. पडत्या बाजारात दोन रुपये हाती राहिले, तेही भाकीत न करता! जोन्स कर्ज काढूनही खरेदी करत, पण हे कुंपण घालूनच. मेहनताना नफ्याच्या २० टक्के. नफा नाही तर काही नाही.

१९६६ मध्ये पत्रकार कॅरल लूमिस यांनी 'फॉर्च्यून'मध्येच जोन्स यांच्यावर लेख लिहिला आणि त्यांच्या वाटेनं जाणाऱ्यांची रीघ लागली. तेजी होती. तेजीत शॉर्टमध्ये तोटा होतो आणि तो खरेदीतला नफा खातो. म्हणून नव्या मंडळींनी कुंपण काढून टाकलं. कर्ज ठेवलं, २० टक्के ठेवले, नावही हेज फंडच ठेवलं. १९६९-७० च्या पडझडीत त्यातले कितीतरी बुडाले. फटका जोन्स यांनाही बसला, पण फंड टिकला.

आपल्याकडे असे फंड सेबीच्या, म्हणजे शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या संस्थेच्या, २०१२ च्या नियमांखाली पर्यायी गुंतवणूक निधींच्या तिसऱ्या श्रेणीत येतात. साधारणपणे एक कोटीच्या खाली गुंतवणूक घेत नाहीत. चालवणाऱ्यालाही स्वतःचे पैसे घालावे लागतात: निधीच्या ५ टक्के किंवा १० कोटी, यातलं जे कमी असेल ते. हा नियम वाचताना मला जोन्स यांचे चाळीस हजार आठवले आणि बरं वाटलं.

काळजी वाटते ती मोबाइलवर ऑप्शन घेणाऱ्या मुलांची. ऑप्शन म्हणजे ठरलेल्या भावानं पुढे शेअर घेण्याचा किंवा विकण्याचा हक्क. २०२१-२२ ते २०२३-२४ या तीन वर्षांत वायदे आणि ऑप्शनमध्ये उतरलेल्या दर १०० सामान्य लोकांपैकी ९३ जणांनी पैसे गमावले, हा सेबीचाच अभ्यास आहे. कुंपणासाठी घडवलेली वस्तू आपण कुंपण तोडायला वापरतो आहोत.

मागच्या वर्षी माझा एक जुना विद्यार्थी घरी आला. ऑप्शन विकून महिन्याला किती सुटतात, ते फोनवर दाखवू लागला. मी विचारलं, "बेटा, हे उलटलं तर किती जातील?" त्यानं कधी मोजलंच नव्हतं. मग आम्ही दोघांनी वर्तमानपत्राच्या कडेला पेनानं हिशेब मांडला. आकडा त्याच्या बाबांच्या वर्षाच्या पगाराहून मोठा निघाला. तो बराच वेळ त्या कागदाकडे बघत बसला, मग म्हणाला, "सर, हा कागद मी घेऊन जाऊ?"