'शिराज'नंतरच्या एणाक्षी

(पडद्यावर: 'शिराज'मधली सलिमा)

साल १९२८. सिनेमा अजून मुका आहे. जे सांगायचं ते डोळ्यांनी आणि मानेच्या एखाद्या हालचालीने. ही सलिमा. लहानपणी कुंभाराच्या घरी वाढलेली, पुढे शाहजादा खुर्रमची, म्हणजे पुढच्या शाहजहानची, मुमताज झालेली. भूमिका एणाक्षी रामा राव यांची.

'शिराज'चे निर्माते हिमांशू राय, दिग्दर्शक जर्मनीचे फ्रान्झ ऑस्टेन. सलिमावर जीव टाकणारा, ताजमहालाची कल्पना मांडणारा शिराज साकारलाय खुद्द राय यांनी. इतिहासात हा शिराज शोधायला जाऊ नका, सगळी कथा रचलेली आहे. चित्रीकरण मात्र भारतातल्या खऱ्याखुऱ्या जागांवर झालं. आणि हो, खुर्रम आणि सलिमा यांचं चुंबनही यात आहे. आपले आजी-आजोबा फार सोवळे होते, असं समजणाऱ्यांनी ते जरूर पाहावं.

त्या काळातले बहुतेक मूकपट नष्ट झाले. 'शिराज' वाचला. २०१७ मध्ये ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने तो दुरुस्त केला, अनुष्का शंकर यांनी नवं संगीत दिलं आणि लंडनच्या महोत्सवात तो पुन्हा झळकला. एणाक्षींचं नाव आज घेतलं जातं ते बहुतेक या एका चित्रपटापुरतं. आम्हाला ते अपुरं वाटतं.

(पडद्यावर: मोहन भवनानी यांचं छायाचित्र)

हे मोहन भवनानी. सिंधमधल्या हैदराबादचे, मँचेस्टरला शिकून आलेले. इंपीरियल फिल्म कंपनीत त्यांनी मूकपटांची तारका सुलोचना (रुबी मायर्स) हिला घेऊन 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे' काढला. पुढे शूद्रकाच्या 'मृच्छकटिक' या संस्कृत नाटकावर मूकपट केला. देवलांच्या संगीत नाटकामुळे मराठी माणसाला त्याची नायिका वसंतसेना घरचीच. या मूकपटात एणाक्षी होत्या, कमलादेवी चट्टोपाध्याय होत्या, कन्नड नाटककार कैलासम होते. काळ मात्र वाईट निवडला. १४ मार्च १९३१ ला मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' हा पहिला भारतीय बोलपट लागला आणि मुक्या वसंतसेनेचे दिवस भरले.

एणाक्षी रामा राव पुढे एणाक्षी भवनानी झाल्या.

नवऱ्याची वाट सोपी नव्हती. १९३४ मध्ये त्यांनी प्रेमचंदांना मुंबईला बोलावून त्यांच्याकडून गिरणी कामगारांची कथा लिहून घेतली. त्यावरचा चित्रपट मुंबईत सेन्सॉरने अडवला. गिरण्यांच्या गावात संपाचा सिनेमा कोण दाखवू देणार? १९४८ मध्ये सरकारने माहितीपट काढणारी फिल्म्स डिव्हिजन सुरू केली, तेव्हा हेच भवनानी तिथे मुख्य निर्माते झाले. धरणं, शेती, लोककला, हस्तकला... थिएटरात मुख्य चित्रपटाआधी माहितीपट दाखवणं सक्तीचं होतं. न्यूजरील संपेपर्यंत बाहेर शेंगदाणे खात थांबणारे प्रेक्षक आपल्यापैकी अनेकांच्या घरी निघतील.

(पडद्यावर: 'द डान्स इन इंडिया' या ग्रंथाची पानं)

आणि एणाक्षी? त्यांनी ग्रंथ लिहिले. १९६५ मध्ये मुंबईच्या तारापोरवाला प्रकाशनाने 'द डान्स इन इंडिया' काढला. शास्त्रीय नृत्याबरोबर लोकनृत्य आणि आदिवासी नृत्यही एकाच ग्रंथात. पडद्यावर मान कशी वळवायची हे जिने स्वतः केलं होतं, ती बाई आता इतरांच्या हालचाली टिपत होती.

मग नक्षीकाम. हस्तकलांमधली नक्षी उतरवून घेणारा मोठा ग्रंथ १९६९ मध्ये आला. त्यात हजारावर नमुने आहेत. लुगड्याच्या काठावरचा मोर वर्षानुवर्षं अंगावर असतो, पण तो कुणी कागदावर काढून ठेवत नाही. विणकर गेला की मोरही जातो. एणाक्षींनी तो काढून ठेवायचं ठरवलं. १९७४ मध्ये लोककला आणि आदिवासी कलेतल्या नक्षीचा स्वतंत्र ग्रंथही आला.

आमच्या मते हेही माहितीपटाचंच काम. फरक एवढाच की नवऱ्यामागे सरकारी खातं, प्रयोगशाळा आणि देशभरची थिएटरं उभी होती. पुस्तकाला तसं हक्काचं थिएटर नसतं. म्हणून 'शिराज'ची नायिका लक्षात राहिली, ग्रंथकार राहिली नाही.

फोर्टातल्या फूटपाथवर किंवा एखाद्या जुन्या ग्रंथालयात यातलं एखादं पुस्तक दिसलं, तर प्रस्तावना नंतर वाचा. आधी आदिवासी नक्षीची पानं उघडा.