कानांनी पाहिलेला खलनायक

मित्रहो, रेडिओवरचा विनोद पडद्यावर आला की त्याचे काय होते, हे समजून घ्यायचे असेल तर फ्रान्समधील ‘सिन्ये फ्युराक्स’चा विचार करावा. प्येर दाक आणि फ्रांसिस ब्लांश यांनी लिहिलेली ही मालिका १९५६ ते १९६० या काळात ‘युरोप क्रमांक १’ या केंद्रावरून ऐकवली गेली आणि तिचे हजाराहून अधिक भाग झाले. तिच्यावरचा चित्रपट १९८१ मध्ये आला. दिग्दर्शक मार्क सिमनाँ, म्हणजे कादंबरीकार जॉर्ज सिमनाँ यांचे चिरंजीव.

कथेतला फ्युराक्स हा अट्टल गुन्हेगार. पॅरिसमधील स्मारके चोरीला जातात आणि त्यांच्या जागी हुबेहूब नकली स्मारके उभी राहतात. काँकॉर्द चौकातला, इजिप्तमधील लक्सॉरहून आणलेला प्रचंड दगडी स्तंभही त्यातून सुटत नाही. रेडिओवर हा स्तंभ नाहीसा करायला एक वाक्य पुरे होते, कारण तो उचलून नेण्याचे काम ऐकणाराच मनातल्या मनात करत असे. शिवाय रेडिओवर फ्युराक्सला आवाज देणारे जाँ-मारी आमातो त्याच मालिकेत इतर पात्रांनाही आवाज देत, आणि वेषांतरात वाकबगार असलेल्या खलनायकाला याहून योग्य वेष कोणता असणार? पडद्यावर मात्र बेर्नार आलेर यांचा चेहरा समोर असतो. एकपात्री प्रयोगांत असंख्य माणसे उभी करणारा हा समर्थ नट. तरीही लाखो श्रोत्यांनी आपापल्या मनात घडवलेला फ्युराक्स एकाच देहात मावणे शक्य नव्हते.

आवाजाचे सामर्थ्य काय असते, हे दाक यांना विनोदाच्या पलीकडेही ठाऊक होते. दुसऱ्या महायुद्धात ते लंडनहून रेडिओवर फ्रान्ससाठी बोलत. १९४४ च्या मे महिन्यात फ्रान्समधील, जर्मनांशी हातमिळवणी केलेल्या व्हिशी सरकारचे प्रचारक फिलिप आँरियो यांनी, दाक ज्यू असल्यामुळे फ्रान्सशी त्यांचे काय नाते, असा सवाल केला, तेव्हा दाक यांनी पहिल्या महायुद्धात कामी आलेल्या आपल्या भावाच्या, मोंपार्नास दफनभूमीतील थडग्याचा दाखला दिला; त्यावर ‘फ्रान्ससाठी मरण पावला’ असे कोरलेले होते. फ्युराक्सच्या अचाट कथेमागे अशा माणसाची लेखणी होती, याचे मला फार अप्रूप वाटते.

ब्लांश १९७४ मध्ये आणि दाक १९७५ मध्ये निवर्तले, त्यामुळे चित्रपट दोघांनाही पाहता आला नाही. मालिकेला लाभलेले प्रेम त्याच्या वाट्याला आले नाही, पण त्याबद्दल सिमनाँ यांना दोष देणे मला अन्यायाचे वाटते. त्यांनी कथेतला वेडेपणा कमी केला नाही, तिला शहाणपणाचा मुलामा दिला नाही. अडचण साधनाची होती. चित्रपट आधी पाहिलेल्यांनी मालिकेचे ध्वनिमुद्रित भाग अवश्य मिळवावेत आणि ते ऐकताना डोळे मिटून घ्यावेत.