ग्रँडमास्टर झाला, मग पुढं काय?

नमस्कार. मागं आवाज येतोय ना? बरं.

मी आर्बिटर आहे, म्हणजे बुद्धिबळाचा पंच. गेली २२ वर्षं शनिवार-रविवार कुठल्या ना कुठल्या हॉलमध्ये पोरांना "बोलू नका रे" म्हणत फिरतोय, त्यामुळे आज मलाच तासभर बोलायला उभं केलंय याची घरी सगळ्यांना फार गंमत वाटतेय.

पुण्यात लहान मुलांची स्पर्धा असली की हॉलच्या बाहेर जिन्यावर पालक बसलेले असतात, मांडीवर डबा, हातात पाण्याची बाटली, आणि मी चहाला बाहेर पडलो रे पडलो की एकजण तरी गाठतोच, "सर, आमचा सात वर्षांचा आहे, रोज तीन तास बसतो, ग्रँडमास्टर व्हायला साधारण किती वर्षं लागतील?" साधारण! जसं काही स्वारगेटला उभं राहून साताऱ्याची गाडी विचारतायत.

आता हा टायटल प्रकार काय आहे ते आधी सांगतो, कारण बऱ्याच जणांना वाटतं की एखादी मोठी स्पर्धा जिंकली की ग्रँडमास्टर. तसं नाहीये. रेटिंग, म्हणजे निकालांवरून ठरणारा खेळाडूच्या ताकदीचा आकडा, एकदा तरी २५०० ला टेकलं पाहिजे आणि तीन नॉर्म पाहिजेत. नॉर्म म्हणजे अख्खी स्पर्धा २६०० च्या दर्जाची खेळून दाखवायची. नऊ राउंडची स्पर्धा धरा, समोरच्यांचं सरासरी रेटिंग २४०० च्या आसपास असेल तर नऊपैकी सात पॉइंट हवेत, त्यातले किमान तिघं स्वतः ग्रँडमास्टर हवेत, परदेशी खेळाडू किती याचेही नियम आहेत. शुद्ध हिशेब आहे हो हा, वाण्याच्या वहीसारखा.

माझा पुतण्या एकदा युरोपात खेळत होता, शेवटच्या राउंडला जिंकला तर नॉर्म. हत्ती आणि प्याद्यांचं एंडगेम, एक प्यादं वरचढ, घड्याळात दोन मिनिटं. समोरच्याने बरोबरी विचारली, याने नाही म्हटलं, बरोबर केलं, आणि मग घाईत राजा एक घर चुकीच्या बाजूला नेला. बरोबरीच झाली. साडेसहा. विमानाचं तिकीट, हॉटेल, कोचची फी, सगळं अर्ध्या पॉइंटापाशी येऊन थांबलं. रात्री फोनवर म्हणाला, "काका, मी जेवलो आहे, आईला सांगा." एवढंच. त्याचं टायटल पुढं झालंच नाही, आज तो आयटीत आहे, छान चाललंय.

तर असं हे अवघड प्रकरण असल्यामुळे आपल्याकडे सुरुवातीला किती सावकाश झालं बघा. १९८८ ला आनंद, १९९१ ला कोलकात्याचा दिब्येंदु बरुआ, १९९७ ला आपले मुंबईचे प्रवीण ठिपसे, म्हणजे महाराष्ट्राचे पहिले, आणि २००० ला चौथा आपला पुण्याचा अभिजित कुंटे. १२ वर्षांत चार! आणि २०२५ च्या जुलैत दिव्या देशमुख झाली ती ८८ वी. मधल्या काळात काय झालं तर कॉम्प्युटर आला, इंटरनेट आलं, भारतातच नॉर्मच्या स्पर्धा व्हायला लागल्या, आणि मुख्य म्हणजे आनंद जगज्जेता झाला.

कुंटेंबद्दल जरा जास्त बोलणार आहे, पुण्यात बोलतोय तर तेवढं चालायचंच. १९९७ आणि २००० असे दोनदा राष्ट्रीय विजेते. २००३ ला एडिंबराला ब्रिटिश चॅम्पियनशिप जिंकले! त्याच्या आदल्या वर्षी चेन्नईचा आर. बी. रमेश जिंकला होता, म्हणजे लागोपाठ दोन वर्षं साहेबाच्या घरची स्पर्धा आपल्या पोरांनी नेली, आणि २००४ पासून त्यांनी ती ब्रिटन-आयर्लंडच्या खेळाडूंपुरतीच ठेवली. मला हे आठवलं की अजून हसू येतं.

पण माझ्या मते त्यांचं सगळ्यात मोठं काम खेळाडूच्या खुर्चीत बसून झालेलंच नाही. २०२२ ला चेन्नई ऑलिंपियाडला, म्हणजे देशादेशांच्या संघांच्या स्पर्धेला, भारताच्या महिला संघाचे कॅप्टन तेच, ब्राँझ. २०२४ ला बुडापेस्टला परत तेच, आणि सुवर्ण. आता कॅप्टन करतो काय? पाच खेळाडू असतात, रोज चार खेळतात, कुणाला बसवायचं ते ठरवायचं, आणि डाव चालू असताना पोझिशनबद्दल अवाक्षर काढायचं नाही. बरोबरी घेऊ का असं तिने विचारलं तर घे, नको, किंवा तुझं तू बघ, बस. तर बुडापेस्टला आठव्या राउंडला पोलंडकडून हरलो, नवव्याला अमेरिकेशी २-२, सगळे म्हणाले गेलं हातातून. मग चीनला अडीच-दीड आणि शेवटी अझरबैजानला साडेतीन-अर्धा. त्या दोन संध्याकाळी चेहरा सरळ ठेवून टेबलांमागं उभं राहायचं, हे मला तरी जमलं नसतं. रमेशचंही तसंच, प्रज्ञानंद आणि वैशाली ही त्याच्याच हाताखाली तयार झालेली भावंडं.

आता दिव्या. नागपूरची. एप्रिल २०२५ ला आपल्या पुण्यातच महिलांची ग्रां प्री नावाची स्पर्धा झाली, मी प्रेक्षकांत होतो (पहिल्यांदाच हॉलमध्ये गप्प बसायचं काम माझ्याकडे). कोनेरू हंपी पहिली आली, दिव्या तिसरी. आणि तीन महिन्यांनी जॉर्जियात बाटुमीला वर्ल्ड कपच्या फायनलला ह्याच दोघी समोरासमोर. हंपी २००२ पासूनची ग्रँडमास्टर, आणि दिव्याकडे तोवर ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता, एकही! क्लासिकलचे, म्हणजे लांब वेळेचे, दोन्ही डाव बरोबरीत, मग कमी वेळेचे रॅपिड, त्यातला दुसरा दिव्या काळ्या मोहऱ्यांनी जिंकली. हा वर्ल्ड कप जिंकणारीला नियमाने थेट टायटल मिळतं, त्यामुळे मघाशी सांगितलेली वही तिने उघडलीच नाही. वय १९. आईच्या गळ्यात पडून रडली ते तुम्ही सगळ्यांनी पाहिलंय.

प्रश्न आलाय एक... हो, मागचे आजोबा. "गुकेशला डिंगने विजेतेपद भेट दिलं का?" बरं झालं विचारलंत, डेमो बोर्ड आहेच इथं. सिंगापूर, १२ डिसेंबर २०२४, जगज्जेतेपदाच्या लढतीचा चौदावा डाव, समोर तेव्हाचा जगज्जेता चीनचा डिंग. डिंग पांढरा, गुकेशकडे एक प्यादं जास्त, पण बरोबरी सुटत नव्हती. हा बघा डिंगचा उंट, ए-आठच्या कोपऱ्यात. डिंगने हत्ती एफ-दोनला आणला, म्हणाला घ्या हत्ती-हत्ती. गुकेशने घेतला, आणि उंट डी-पाचला टाकला. आता कोपऱ्यातल्या उंटाला या तिरक्या रेषेतून बाहेर पडायला वाटच नाही, उंटाला उंट मारामारी करावीच लागते, आणि मग राजा विरुद्ध राजा, वर एक जास्तीचं प्यादं. संपलं. भेट म्हणा हवं तर, पण चौदा डाव समोर बसून राहिलेल्यालाच ती दिसते. अठरा वर्षांचा जगज्जेता, आणि तरी हाच पोरगा सर्वात लहान ग्रँडमास्टरचा विक्रम १७ दिवसांनी चुकला होता.

आणि त्या दिवशीचं मला आवडलेलं सांगू? डोळे पुसत पुसत त्याने पटावर सगळी मोहरी परत पहिल्या जागी लावली. आमच्याकडची अंडर नाइनची मंडळी डाव संपला की जास्तीचा वजीर खिशात घालून आईकडे पळतात, मग मी जिन्यावर एकेकाचे खिसे बघत हिंडतो.