अठ्ठेचाळीस किलोंची सोळा वर्षे

ज्युदोच्या लढतीत पहिली झुंज असते ती पकडीची. समोरच्या खेळाडूच्या जाड सुती ज्युदोगीची कॉलर आणि बाही आधी कोणाच्या मुठीत येते, यावर पुढचे बरेचसे ठरून जाते. ज्या खेळाडूची उंची जेमतेम 146 सेंटिमीटर आहे, तिला तर ही झुंज हरून चालतच नाही, कारण उंच प्रतिस्पर्धी सहज तिच्या मानेवरून हात टाकून तिला खाली दाबून ठेवू शकते. जपानच्या रियोको तामुराने, म्हणजेच विवाहानंतरच्या रियोको तानीने, 48 किलो वजनी गटातली आपली सारी कारकीर्द या अडचणीवर मात करत उभी केली.

1975 साली फुकुओका येथे जन्मलेल्या रियोकोचे नाव जगापुढे आले ते 1990 मध्ये, तिच्याच शहरातल्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत. चार वेळा विश्वविजेती ठरलेल्या ब्रिटनच्या कॅरेन ब्रिग्जला तेव्हा अवघ्या पंधरा वर्षांच्या या मुलीने हरवले. दोन वर्षांनी, 1992 च्या बार्सिलोना ऑलिम्पिकमध्ये महिलांच्या ज्युदोला प्रथमच पदकांच्या खेळाचा पूर्ण दर्जा मिळाला. तिथे रियोको अंतिम फेरीत पोहोचली, फ्रान्सच्या सेसिल नोवाककडून हरली आणि रौप्यपदक घेऊन परतली.

त्यानंतर जवळजवळ चार वर्षे तिला कोणीही हरवू शकले नाही. 1993 आणि 1995 ची विश्वविजेतेपदे तिच्याकडे आली, सलग विजयांची संख्या 84 वर गेली आणि 1996 च्या अटलांटा ऑलिम्पिकचे सुवर्ण जपानने जणू आधीच तिच्या नावावर लिहून ठेवले. अंतिम लढतीत तिच्यासमोर उभी होती उत्तर कोरियाची सोळा वर्षांची के सुन-हुई, जिला विशेष प्रवेशिकेवर स्पर्धेत स्थान मिळाले होते आणि जिच्या खेळाची जपानी चमूला फारशी माहिती नव्हती. रियोकोला त्या दिवशी हवी तशी पकड मिळालीच नाही. दुसऱ्यांदा रौप्य.

सिडनीला जाण्यापूर्वी तिने सांगितले होते, ‘जास्तीत जास्त सुवर्ण, कमीत कमीही सुवर्ण.’ दोन अंतिम सामने हरलेल्या खेळाडूने असे जाहीरपणे बोलणे म्हणजे परतीची वाट स्वतःहून बंद करून घेणे होते. 2000 च्या त्या अंतिम लढतीत रशियाच्या ल्युबोव्ह ब्रुलेतोवाविरुद्ध पकड मिळताच ती वळली, तिचा पाय प्रतिस्पर्धीच्या मांड्यांमधून आतून वर गेला आणि उचिमाताची ती फेक पूर्ण झाली. इप्पोन, म्हणजे लढत तिथेच संपवणारा पूर्ण गुण! एक मिनिटही झाले नव्हते. आठ वर्षे ज्याची वाट पाहिली, ते इतक्या लवकर संपले.

2004 मध्ये घोट्याच्या दुखापतीनंतरही तिने अथेन्सचे सुवर्ण जिंकले. मात्र आमच्या दृष्टीने तिचे सर्वांत मोठे यश त्यानंतरचे आहे. 2005 च्या अखेरीस मुलाला जन्म दिल्यावर ती पुन्हा मॅटवर उतरली आणि 2007 मध्ये रिओ दि जानेरो येथे सातव्यांदा विश्वविजेती झाली. बाळंतपणानंतर शरीर पुन्हा अठ्ठेचाळीस किलोंत आणायचे, वर पकडीची ती जुनी ताकदही परत मिळवायची, हे किती कठीण असते ते या खेळातल्या स्त्रियाच जाणोत.

या काळातील एक वाद टाळून पुढे जाणे योग्य होणार नाही. 2007 आणि 2008 या दोन्ही वर्षी देशांतर्गत निवड स्पर्धेच्या अंतिम फेरीत ती हरली होती, तरीही आंतरराष्ट्रीय कामगिरीच्या बळावर तिचीच निवड झाली. घरच्या मैदानावर तिला हरवूनही मागे राहिलेल्या तरुण खेळाडूंचे दुःख खरेच होते, आणि रियोकोच्या मोठेपणाने ते कमी होत नाही.

2008 च्या बीजिंग ऑलिम्पिकच्या उपांत्य फेरीत रोमानियाच्या अलिना दुमित्रूविरुद्धची लढत पकडीतच अडकून पडली. दोघींपैकी कोणालाही फेक साधता येईना. शेवटच्या मिनिटात पंचांनी आक्रमण न केल्याबद्दल रियोकोला शिदो, म्हणजे दंड दिला आणि सुवर्णाची वाट तिथेच बंद झाली. त्याच दिवशी कांस्यपदकासाठी तिला पुन्हा मॅटवर यावे लागले. समोर रशियाची ल्युदमिला बोग्दानोव्हा होती. या वेळी निकाल पंचांच्या हाती गेला नाही. पाचव्या ऑलिम्पिकमधले पाचवे पदक रियोकोने इप्पोनने जिंकले.